‘बगर’ या शब्दाचं हिंदी

इंदूरच्या कोर्टात मी एकोणतीस वर्षं शिव्यांची भाषांतरं केली. लोकांना वाटतं, कोर्टाचा अनुवादक म्हणजे कायद्याची जाड पुस्तकं उशाशी घेऊन बसलेला माणूस. तसं काही नसतं. जमिनीचे कागद येतात, मृत्युपत्रं येतात, पण फौजदारी कागदांत दर दुसऱ्या पानावर कोणीतरी कोणाला तरी काहीतरी बोललेलं असतं, आणि ते नेमकं काय बोललं यावर पुढचं सगळं अवलंबून असतं.

काम समजावून सांगते. आमच्या मध्य प्रदेशात पोलिस ठाण्यात आणि खालच्या कोर्टात कारभार हिंदीत चालतो. प्रकरण वर गेलं की तेच कागद इंग्रजीत लागतात. उलट कंपन्यांचे, विम्याचे, दवाखान्यांचे कागद इंग्रजीत असतात आणि खालच्या कोर्टात त्यांना हिंदी जोडावं लागतं. मी सरकारी नोकर नव्हते. कोर्टाच्या अनुवादकांच्या यादीवर नाव होतं. वकील कागद आणून देत, मी भाषांतर करून खाली लिहीत असे, ‘प्रमाणित किया जाता है कि उपरोक्त अनुवाद मूल के अनुसार सही है’, सही करत असे आणि गोल शिक्का मारत असे. कोर्टाजवळ एका झेरॉक्सवाल्याच्या मागच्या खोलीत माझं टेबल होतं. आता गुडघे बोलतात म्हणून राजेंद्र नगरला घरीच असते, आणि कोणी विचारलं तरच त्या दिवसांबद्दल सांगते.

मला हे काम पाध्येकाकांनी शिकवलं. ते माझ्या आधी त्याच टेबलावर बसत. पहिल्याच वर्षी छत्रीबागेतल्या एका नळावरच्या भांडणाचे कागद आले. रिपोर्टात नेहमीचं वाक्य होतं, ‘मां-बहन की नंगी-नंगी गालियां दीं’, आणि पुढे साक्षीत त्या बाईने शिव्या शब्दशः सांगितल्या होत्या. मी एम.ए. इंग्रजी झालेली, चोवीस वर्षांची मुलगी. मी त्या सगळ्याचं इंग्रजीत केलं, ‘कठोर शब्द वापरले’. पाध्येकाकांनी चष्मा कपाळावर नेला आणि म्हणाले, “मेश्राम, कठोर शब्द तर माझी बायको पण रोज वापरते. तिच्यावर केस लावू का? अगं, त्या बाईने भर कोर्टात उभं राहून ते शब्द उच्चारले. तिला लाज नाही वाटली असेल? तिने गिळली नं लाज? मग तू कोण होते ते झाकणारी?”

ते पान मी पुन्हा लिहून काढलं. तेव्हापासून माझा नियम ठरला: काही गाळायचं नाही, काही घालायचं नाही, काही मऊ करायचं नाही.

या नियमाची खरी परीक्षा पुढे झाली. आम्ही बौद्ध. आजोबा महूला फौजेत होते, वडील पोस्टात. देपालपूरकडच्या एका गावातलं प्रकरण आलं. विहिरीवरून मारहाण, आणि साक्षीत जातीचं नाव घेऊन दिलेल्या शिव्या. कागद घेऊन आलेला वकील चांगला माणूस होता. तो हळूच म्हणाला, “मॅडम, आप चाहो तो बस ‘कास्ट नेम’ लिख दो। आपको अच्छा नहीं लगेगा।” मी म्हटलं, भिया, मला चांगलं वाटावं म्हणून ही केस नाही. साक्षीदाराने जितक्या वेळा तो शब्द सांगितला होता, तितक्या वेळा मी तो अक्षर न अक्षर लिहिला. घरी गेल्यावर मात्र भाजीत दोनदा मीठ घातलं.

हे सगळं सांगायचं कारण, माझ्या हातून जी सर्वांत मोठी चूक झाली ती निष्काळजीपणाने झाली नाही. ती या नियमामुळे झाली. मी त्याचा इतका अभिमान बाळगला होता की त्याच्या पलीकडे बघायचं विसरले होते.

पीथमपूरला एका पॅकेजिंगच्या कारखान्यात महेश चौहान नावाचा ऑपरेटर होता. तिशीचा, गावाकडून रोज मोटरसायकलने येणारा. एका सकाळी त्याचा डावा हात रोलरमध्ये गेला आणि तीन बोटं गेली. कंपनीचं म्हणणं, हा कामावर झोपला, चूक याची. महेशचं म्हणणं, आदल्या दुपारपासून मला लागोपाठ दोन पाळ्या करायला लावल्या आणि सकाळी बदली माणूस आला नाही म्हणून तिसऱ्या पाळीलाही थांबवलं. पण याला पुरावा काय? हजेरीत तर एकच पाळी लावलेली होती.

पुरावा एकच होता. कारखान्यात पाळी बदलताना जाणारा शिफ्ट इनचार्ज एका रजिस्टरमध्ये येणाऱ्यासाठी नोंद करून ठेवतो: कोणती मशीन बंद आहे, कुठे तेल गळतंय वगैरे. त्या सकाळी सात वाजता पाळी सोडताना पर्किन्स नावाच्या इनचार्जने तिथे इंग्रजीत चार ओळी लिहिल्या होत्या. रॉनी पर्किन्स महूचे अँग्लो-इंडियन, निवृत्तीला आलेले. ती नोंद वाचूनही पुढच्या इनचार्जने महेशला घरी पाठवलं नाही, आणि नऊच्या सुमाराला अपघात झाला.

महेशचे वकील पाटीदार त्या रजिस्टरची चाळीसेक पानं माझ्याकडे घेऊन आले. लेबर कोर्टात हिंदी जोडायचं होतं, तारीख दोन दिवसांवर. बेअरिंग, कन्व्हेअर, ग्रीस, सगळं सरसर झालं. मग पर्किन्स साहेबांची नोंद आली, वर महेशचं नाव. देवनागरीत लिहिते: ‘धिस पुअर बगर हॅज डन टू शिफ्ट्स बॅक टू बॅक. ही इज अस्लीप ऑन हिज फीट. नॉट फिट फॉर द मशीन. सेंड हिम होम.’

‘बगर’पाशी मी थांबले. माझ्याकडे एक इंग्रजी-हिंदी कोश होता, कायद्याच्या शब्दांचा, पाध्येकाकांनी जाताना दिलेला. त्यात अर्थ एकच होता: अप्राकृतिक मैथुन करणारा. मला ते वाक्यात बसत नाही हे दिसत होतं. दिसत नव्हतं असं म्हटलं तर खोटं होईल. पण मनात म्हटलं, शिवी कधी वाक्यात बसते का? साहेबाने दिली असेल मजुराला शिवी. ती झाकणारी मी कोण? आणि मी स्वच्छ अक्षरात लिहिलं, ‘इस दरिद्र अप्राकृतिक मैथुनकर्मी ने लगातार दो पालियां की हैं...’ खाली प्रमाणपत्र, सही, शिक्का.

आता वाचताना हसू येईल. तेव्हा कोणी हसलं नाही.

पाटीदारांनी ते पान कोर्टाच्या व्हरांड्यात महेशला वाचून दाखवलं. सोबत त्याचे सासरे होते आणि गावातले दोघे-तिघे. महेशने ते पुन्हा वाचायला सांगितलं. मग विचारलं, “पर्किन्स सर ने? मेरे बारे में?” पाटीदार म्हणाले, लिखा तो यही है. महेश पट्टी बांधलेला हात छातीशी धरून खाली बसला. हे मला पाटीदारांनीच नंतर सांगितलं. गावात ती गोष्ट त्याच्या आधी पोचली. महिनाभर तो चहाच्या दुकानावर गेला नाही.

कंपनीच्या वकिलांनी संधी सोडली नाही. ते म्हणाले, हा अधिकारी कामगारांबद्दल कारखान्याच्या रजिस्टरमध्ये असलं घाणेरडं लिहितो, याच्या नोंदीवर विश्वास काय ठेवायचा? द्वेषाने लिहिलेली नोंद आहे. इकडे कंपनीने पर्किन्सना निलंबित करून चौकशी लावली, आणि चौकशीत पहिली तक्रार कोणाची, तर महेशची. त्याने रागाच्या भरात सही केली होती. म्हणजे ज्याच्या बाजूने एकच साक्षीदार होता, त्यानेच त्या साक्षीदाराला आरोपी केलं, आणि मधला दुवा माझा शिक्का होता.

मला यातलं काही माहीत नव्हतं. अनुवादकाकडे कागद येतो आणि जातो; त्याचं पुढे काय झालं हे कोणी सांगायला येत नाही. तीन महिन्यांनी एका दुपारी पर्किन्स स्वतः आले.

उंच, किंचित वाकलेले, इस्त्रीचा पांढरा शर्ट, हातात प्लास्टिकची फाइल. झेरॉक्सच्या मशीनला वळसा घालून आत आले आणि उभ्यानेच म्हणाले, “मेश्राम मॅडम आप? मेरा हिंदी आपने बनाया है।”

मी त्यांना बसायला सांगितलं. त्यांनी फाइलमधून माझ्याच पानाची प्रत काढून टेबलावर ठेवली. मैथुनकर्मी या शब्दाखाली कोणीतरी लाल रेघ मारली होती.

“ये शब्द मुझे इन्क्वायरी में आठ आदमी के सामने पढ़ के सुनाया,” ते म्हणाले. “स्टेनो लड़की थी उधर, अपनी बेटी की उमर की। पूछा, आपने लिखा? मैं क्या बोलता? मैंने तो ये शब्द जिंदगी में पहली बार सुना।”

मी म्हटलं, “मूळ शब्दाचा अर्थ तोच आहे, साहेब. कोश बघा.” आणि कोश उघडून त्यांच्यापुढे सरकवला.

त्यांनी तो बघितलाही नाही. “मॅडम, मेरा बाप मरा, तो मेरे चाचा ने कब्र के पास खड़े हो के क्या बोला मालूम? ‘पुअर ओल्ड बगर.’ और रोने लगे। अब आपकी किताब से उसका हिंदी करो।”

मी कोश मिटला. त्यांनी खिशातून रुमाल काढून मान पुसली आणि जरा वेळाने, आवाज खाली आणून विचारलं, “आप इंदौर की ही हो?”

“इंदूरचीच. आजोबा महूचे. फौजेत होते.”

“महू के? फौज में?” ते माझ्याकडे बघतच राहिले. “फिर आपने ये शब्द घर में नहीं सुना?”

मी ऐकला होता. शेकडो वेळा ऐकला होता. आजोबांना लिहितावाचता बेताचंच येई, पण फौजेत कानावर पडलेलं इंग्रजी त्यांच्या तोंडात पक्कं बसलेलं. त्यांची पलटणीतून निघायची वेळ आली तेव्हा मेजर साहेबाने पाठीवर थाप मारून म्हटलं होतं, ‘टफ ओल्ड बगर’. हे ते पदक मिळाल्यासारखं सांगत. आम्ही नातवंडं पडलो-झडलो आणि रडलो नाही, की म्हणत, “वा रे वा, बगर!” माझा धाकटा भाऊ सायकल शिकला त्या दिवशी तो दिवसभर बगर होता. आमची समजूत होती की याचा अर्थ शूर. मग एकदा माझ्या वडिलांनी पोस्टातल्या कोणा शिकलेल्या साहेबाला अर्थ विचारला आणि घरी येऊन आजोबांना म्हणाले, “बाबा, हा शब्द पोरांसमोर बोलू नका. फार घाण आहे.” आजोबांना पटलं नाही, पण मुलगा शिकलेला. त्यांनी शब्द सोडला. आमच्या घरात तो बंदच झाला.

मी तो इतका विसरले होते की कागदावर समोर आला तरी ओळखला नाही. खरं तर याहून वाईट होतं. कुठेतरी आत ओळखला होता, पण आजोबांचं इंग्रजी हे काय इंग्रजी, असं मला वाटत होतं. घरात पहिली एम.ए. झालेली मी. माझं इंग्रजी पुस्तकातून आलेलं, प्रमाणपत्रासकट. बराकीत कानाने शिकलेल्या माणसाची साक्ष मी धरलीच नव्हती.

पर्किन्सना मी म्हटलं, “साहेब, मला चार दिवस द्या.”

ते उठले. “तीन महीने तो निकल ही गए,” एवढंच म्हणून गेले.

त्या चार दिवसांत मी एका जुन्या कॉलेजच्या वाचनालयात बसून मोठा, अनेक खंडांचा इंग्रजी कोश बघितला, ज्यात शब्दाचं सगळं कुळ दिलेलं असतं. या शब्दाचा जन्म शिवीत झालेलाच नाही. तो एका देशाचं नाव आहे. बुल्गारिया. मध्ययुगात तिकडे ख्रिस्ती धर्मातला एक पंथ होता, रोमच्या चर्चला न मानणारा. चर्चने त्यांना पाखंडी ठरवलं, आणि फ्रान्समध्ये अशा सगळ्या पाखंड्यांना ‘बुल्गार’वरून ‘बुग्र’ म्हणायला लागले. लोक आपला धर्म मानत नाहीत म्हटल्यावर त्यांच्याबद्दल काय वाटेल ते पसरवता येतं. हे अनैसर्गिक संबंध ठेवतात, असं पसरवलं. इंग्रजीत शब्द आला तो आधी पाखंडी या अर्थाने, मग त्या दुसऱ्या अर्थाने, आणि तो दुसरा अर्थ इंग्रजांच्या कायद्यात जाऊन बसला. माझ्या कोशात होता तो हाच. पण माणसं बाहेर तो शब्द वापरत राहिली. शिपाई, खलाशी, रेल्वेवाले. वापरून वापरून त्याची धार गेली. ‘लकी बगर’ म्हणजे नशीबवान गडी. ‘सिली बगर’ म्हणजे येडपट. असभ्य तो अजूनही आहे, मास्तरणीसमोर बोलायचा नाही. पण ‘पुअर’ आधी लागला की त्यात फक्त कीव आणि आपलेपणा उरतो.

तिथे त्या वाचनालयात मी बराच वेळ त्या पानावर हात ठेवून बसले. एखाद्या समाजाच्या नावाची शिवी कशी होते, हे मला कोशाने सांगायची गरज नव्हती. देपालपूरच्या प्रकरणात तसलाच एक शब्द मी माझ्या हाताने लिहिला होता. फरक एवढाच की बुल्गारियाच्या नावातलं विष कोणीतरी बोलून बोलून काढून टाकलं होतं, आणि मी ते परत भरलं होतं.

चूक कळणं सोपं असतं. ती कोर्टात दुरुस्त करणं सोपं नसतं. मी पाटीदारांना गाठलं आणि म्हटलं, मला शपथपत्र द्यायचंय, माझं भाषांतर चुकलं. ते दचकले. “मॅडम, रहने दो ना। उधर का वकील आपकी चमड़ी उधेड़ देगा। और आपके शिक्के का क्या? कल को हर पुराने केस में लोग बोलेंगे, इनका तो अनुवाद ही गलत होता है।”

ही भीती खरी होती. सही केलेलं भाषांतर चुकलं असं अनुवादकाने स्वतः म्हणायचं, हे मी आमच्या यादीत कधी ऐकलं नव्हतं. दोन रात्री मला झोप लागली नाही. नवऱ्याने सकाळी पोहे पुढे ठेवत विचारलं, “तू काय ठरवलंय?” मी म्हटलं, देते. तो म्हणाला, “मग तो चेहरा सरळ कर आणि खा.”

मला साक्षीला बोलावलं. पुढचं सगळं हिंदीत झालं, मी मराठीत सांगते. कंपनीचे वकील हुशार होते, आवाज मऊ.

“मेश्राम मॅडम, आपण किती वर्षं अनुवाद करता?”

“पंचवीस.”

“आणि पंचवीस वर्षांनी आपल्याला समजलं की कोशातला अर्थ चुकीचा आहे?”

“कोशातला अर्थ बरोबर आहे. मी तो चुकीच्या जागी लावला.”

“तेव्हा आपण प्रमाणपत्र दिलं होतं की अनुवाद बरोबर आहे. ते खोटं होतं?”

“खोटं नव्हतं. चूक होती. खोटं मी आज बोलले असते, गप्प बसून.”

त्यांनी फाइलचं पान उलटलं. “हे नवीन ज्ञान आपल्याला पर्किन्सनी दिलं ना? ते आपल्याला येऊन भेटले?”

“भेटले. लपवत नाही. पण हा शब्द मला माझ्या आजोबांनी शिकवला होता. ते फौजी होते. मी त्यांचं ऐकलं नव्हतं, ती माझी चूक.”

कोर्टात कोणीतरी खोकलं. पीठासीन अधिकारी, वयस्कर गृहस्थ, इतका वेळ लिहीत होते. त्यांनी पेन ठेवून विचारलं, “मग या शब्दाचं हिंदी काय करता आपण?”

“बेचारा.”

वकील हसले. “सर, एका अश्लील शिवीचा अर्थ बेचारा? मग उद्या कोणीही कोणालाही काहीही बोलेल.”

मी म्हटलं, “सर, एकटा शब्द वाचू नका. शेवटची ओळ वाचा. सेंड हिम होम. ज्याला शिवी द्यायची असते, त्याला झोपायला घरी पाठवा असं कोणी लिहितं का? आखी नोंद त्याच्या काळजीची आहे. ही नोंद कोणी ऐकली असती तर आज त्याची बोटं जागेवर असती.”

हे शेवटचं वाक्य मी बोलायला नको होतं. अनुवादकाचं ते काम नाही, आणि वकिलांनी लगेच हरकत घेतली, ती मान्यही झाली. पण अधिकाऱ्यांनी नोंद पुन्हा आपल्याकडे ओढून घेतली आणि वाचली. मग स्वतःशीच, इकडच्या मालवी बोलीत म्हणाले, “बापड़ो।”

आम्हा मराठी माणसांना हा शब्द वेगळा सांगायला नको. बापडा. मागच्या बाकावर महेश बसला होता. आतापर्यंतचं कोश-प्रमाणपत्राचं बोलणं त्याच्या डोक्यावरून गेलं असेल, हे नाही गेलं. तो उठून उभा राहिला. शिपायाने खूण केली तेव्हा बसला, आणि उजव्या हाताने तोंड झाकून घेतलं.

बाहेर व्हरांड्यात तो माझ्याजवळ आला. मला वाटलं, आता हा मला चार शब्द ऐकवणार, आणि त्याचा तो हक्क होता. तो म्हणाला, “मॅडमजी, उस दिन सर ने मेरे को अपने डब्बे में से आधा पराठा दिया था। बोले थे, खा ले, मैं लिख के जा रहा हूं, तेरे को छोड़ देंगे। फिर भी मैंने कागज पे भरोसा किया। उन पे नहीं किया।”

मी म्हटलं, “कागद माझा होता, महेश.”

निकाल त्याच्या बाजूने लागला. ती नोंद पुरावा म्हणून धरली गेली, कामाचे तास खरे मानले गेले. त्याला स्टोअरमध्ये बसून करायचं काम मिळालं, नुकसानभरपाईही. महेशने पर्किन्सविरुद्धची तक्रार मागे घेतली आणि चौकशी गुंडाळली गेली. पण गुंडाळेपर्यंत पर्किन्स साहेबांच्या निवृत्तीची तारीख येऊन गेली होती. निलंबनातच ते निवृत्त झाले. इतक्या वर्षांच्या नोकरीनंतर ना हार, ना समोसे, ना कोणाचं भाषण. चौकशी संपल्याचं पत्र पोस्टाने घरी गेलं.

माझं म्हणाल तर, काम पुढेही मिळत राहिलं. काही वकिलांनी येणं बंद केलं, काही नवीन यायला लागले. नियमही मी सोडला नाही. मऊ आजही करत नाही. फक्त त्यानंतर शब्दाचा अर्थ लिहिण्याआधी मी एक गोष्ट विचारायला लागले: हा बोलला कोण, आणि कोणत्या तोंडाने? पुष्कळदा त्यासाठी वकिलाला परत पाठवून साक्षीदाराला आणवलं. वकील वैतागत. वैतागू दे.

निकालानंतर काही दिवसांनी महेशचा फोन आला. “सर के घर चलना है। अकेले मेरी हिम्मत नहीं हो रही।” हिंमत माझीही होत नव्हती. रविवारी सकाळी आम्ही बसने महूला गेलो. त्याने पोह्यांबरोबरची शेव आणि जलेबी घेतली होती, मी काय न्यावं हे न सुचून रिकाम्या हातांनी गेले.

पर्किन्स साहेबांचं घर छोटं, स्वच्छ. पुढे कुंड्या. त्यांच्या पत्नीने दार उघडलं, मला ओळखलं नसावं. साहेब आतून आले, महेशला बघून थबकले, मग दोन्ही हात पुढे करून त्याचा डावा हात हातात घेतला आणि उलटसुलट करून बघितला, डॉक्टर बघतो तसा. “दुखता है?” “ठंड में, सर.” “तेल लगाया कर.”

मी माफी मागितली. हिंदीत मागितली, मग मला वाटलं अपुरी आहे, म्हणून इंग्रजीतही मागितली. ते म्हणाले, “यू केम टू कोर्ट, मॅडम. दॅट वॉज गुड ऑफ यू.” अगदी शिस्तीचं, सभ्य इंग्रजी. चहा झाला. ते कारखान्यातल्या जुन्या मशिनींबद्दल बोलले, नव्या इनचार्जबद्दल विचारलं, त्यांचा एक मित्र वारला होता त्याच्याबद्दल सांगितलं. म्हणाले, “पुअर...” आणि थांबले. एक क्षण. मग म्हणाले, “पुअर मॅन. ही सफर्ड अ लॉट.”

त्यांच्या पत्नीने कपाकडे बघितलं. माझ्या लक्षात आलं, तसंच महेशच्याही. त्याला इंग्रजी येत नव्हतं, पण तो एक शब्द आता त्याला पक्का माहीत होता, आणि तो आला नाही हे त्याला ऐकू आलं होतं.

तो खुर्चीतून पुढे सरकला. “सर, वो बोलो ना। जो मेरे लिए लिखा था। अब मेरे को उसका मतलब मालूम है।”

पर्किन्स हसले. मान हलवली, पण तो शब्द काही तोंडातून आला नाही. त्यांनी बशीतली जलेबी उचलून त्याच्या चांगल्या हातात दिली.

“खा, महेश,” ते म्हणाले. “ठंडी हो रही है।”